विहारयात्रा आणि धम्मयात्रा : सोपारा, तुंगारेश्वर व गरम पाण्याची कुंडे



विहाराच्या वर्धापनदिनाच्या स्मरणिकेत इतिहासावर काहीतरी लिहा, असा कार्यकर्त्यांचा आग्रह झाला. इतिहास म्हटला की लोक राजांच्या लढाया काढतात. आम्ही आज सहलीचा इतिहास सांगणार आहोत. हसू नका. विषय वाटतो तेवढा हलका नाही.

थंडीच्या दिवसांत रविवारी सकाळी हायवेला तुंगारेश्वर फाट्यावर उभे राहा. मुंबईच्या गाड्या उतरताना दिसतील. गळ्यात दुर्बीण, डोक्याला टोपी, पुढे एक वाटाड्या, ज्याला आता सगळेच गाइड म्हणतात. अर्धा दिवसाचा कार्यक्रम असतो. सकाळी जंगलात पाखरं आणि जनावरं बघायची, मग वज्रेश्वरी-अकलोलीच्या गरम कुंडात अंग शेकायचं आणि जेवायच्या वेळेला परत. जपानात अशा सहली फार चालतात. बर्फातली माकडं बघायची आणि मग गरम पाण्याच्या झऱ्यात बसायचं. त्यामुळे आपल्या पोरांना वाटतं की हे खूळ बाहेरून आलं. आमचं म्हणणं वेगळं आहे. सहलीला जावं कसं, जनावराकडे बघावं कसं आणि वाटेत भेटलेल्या माणसाशी वागावं कसं, हे या भागात सव्वादोन हजार वर्षांपूर्वी दगडावर कोरून ठेवलेलं होतं. आणि तो दगड आपल्या नालासोपाऱ्यात सापडला.

१८८२ साली पंडित भगवानलाल इंद्रजी सोपाऱ्याला आले. त्या वेळी जेम्स कॅम्पबेल साहेब ठाणे जिल्ह्याचे गॅझेटियर तयार करीत होते, त्या कामाशी ही शोधाशोध जोडलेली होती. भगवानलाल हे काही विद्यापीठातून पदवी घेऊन आलेले गृहस्थ नव्हते. जुनागढकडचे, गिरनारचे लेख वाचता वाचता शिकलेले. असा माणूस आम्हाला आपला वाटतो. त्यांना सोपाऱ्यात भातेला तळ्याजवळ ब्राह्मी अक्षरांचा एक फुटका तुकडा मिळाला. तो सम्राट अशोकाच्या आठव्या शिलालेखाचा निघाला. पुढे १९५६ साली भुईगावला नवव्या लेखाचाही तुकडा सापडला, तो मुंबईच्या वस्तुसंग्रहालयात बघायला मिळतो. म्हणजे अशोकाने आपले लेख जिथे जिथे कोरून घेतले त्यांत गिरनार, कालसी, शाहबाजगढी यांच्या रांगेत आपलं सोपारा होतं. तेव्हाचं शूर्पारक, अपरांताचं मोठं बंदर.

आता हा आठवा लेख सांगतो काय? आपल्याकडचा तुकडा फुटका आहे, पण तोच लेख इतर ठिकाणी धडधाकट आहे, त्यावरून सगळा मजकूर समजतो. राजा सांगतो की पूर्वीचे राजे विहारयात्रेला निघत. त्यात शिकार असे आणि तशाच दुसऱ्या मौजा असत. पण प्रियदर्शी राजा राज्याभिषेकाला दहा वर्षे झाल्यावर संबोधीला, म्हणजे आपल्या बोधगयेला गेला आणि तिथून धम्मयात्रा सुरू झाली. त्या यात्रेत श्रमण-ब्राह्मणांची भेट आणि दान, वृद्धांची भेट आणि त्यांना सोन्याची मदत, खेड्यापाड्यातल्या माणसांची भेट, त्यांच्याशी धम्माची बोलणी आणि त्यांनी विचारलेल्या प्रश्नांची उत्तरं एवढं होतं. आणि राजा शेवटी कबूल करतो की यातच त्याला जास्त आनंद मिळतो.

इथे ‘विहार’ या शब्दाकडे नीट बघा. आपण विहार म्हणतो ते वंदनेचं, भिक्खूंच्या निवासाचं ठिकाण. विहारयात्रेतला विहार म्हणजे मौजेने फिरणं. शब्द एक, अर्थ दोन. अशोकाने फिरणं बंद केलं नाही. राजवाड्यात दार लावून बसला नाही. त्याने फिरण्यातली शिकार काढून टाकली आणि तिच्या जागी माणसं ठेवली. आम्हाला ही गोष्ट फार मोठी वाटते. पुष्कळ धर्मसुधारक मौजेवरच बंदी घालतात. या राजाने मौजेचा पत्ता बदलला.

हे एका लेखापुरतंही नव्हतं. पहिल्या लेखात तो आपल्या मुदपाकखान्याचा हिशेब उघड करतो. पूर्वी तिथे दररोज हजारोंनी प्राणी मारले जात, लेख लिहिला तेव्हा ते दोन मोर आणि एक हरिण यांवर आलं होतं आणि हरिणही रोज नाही. पुढे तेही बंद करू, असं तो म्हणतो. राजाने स्वतःच्या स्वयंपाकघराची चूक जाहीर दगडावर कोरलेली दुसरी उदाहरणं शोधावीच लागतील. दुसऱ्या लेखात माणसांसाठी आणि जनावरांसाठी औषधोपचार, रस्त्याच्या कडेला विहिरी आणि झाडं आहेत. पाचव्या स्तंभलेखात तर मारू नयेत अशा पशुपक्ष्यांची यादीच आहे. पोपट, मैना, हंसापासून वटवाघूळ आणि कासवापर्यंत. सरकारी वन्यजीव कायद्याला जोडलेल्या याद्या असतात ना, तसलीच. आणि त्याच्याही मागे जायचं तर तथागतांनी पहिलं प्रवचन दिलं ते मृगदावात, जिथे हरणांना अभय होतं.

त्याच १८८२ साली, एप्रिल महिन्यात, भगवानलालांनी सोपाऱ्याचा मोठा स्तूप उकरला. आत दगडी पेटी, पेटीत तांब्याचा करंडक, त्यात चांदीचा, मग दगडाचा, मग स्फटिकाचा आणि शेवटी सोन्याचा. सोन्याच्या करंडकात भिक्षापात्राच्या ठिकऱ्या. भोवती मैत्रेयासह आठ बुद्धांच्या लहान धातूच्या मूर्ती. शिवाय गौतमीपुत्र यज्ञश्री सातकर्णीचं चांदीचं नाणं. हे धन मुंबईला एशियाटिक सोसायटीकडे गेलं. गावातले लोक या टेकाडाला काय म्हणत? बुरूड राजाचा कोट! बुरूड म्हणजे बांबूची सुपं-टोपल्या विणणारा. अशोक विसरला गेला, बुद्ध विसरला गेला, पण इथला राजा खालच्या मानलेल्या जातीतला होता एवढी आठवण लोकांनी धरून ठेवली. शूर्पारकातलं शूर्प म्हणजेही सूपच. या दोहोंत काही धागा असावा असं आम्हाला वाटतं. पंडितांनी ठरवावं.

सोपाऱ्याचा आणि शिकारीचा संबंध आणखी एका कथेत येतो, ती मुलांना जरूर सांगा. ‘दिव्यावदान’ या संस्कृत बौद्ध ग्रंथात पूर्णाची कथा आहे. पूर्ण शूर्पारकचा व्यापारी, दासीपुत्र, समुद्रावर सफरी करणारा. भिक्खू झाल्यावर तो श्रोणापरांत देशात जायला निघाला. तिथले लोक रागीट. शिव्या देतील, मारतील, जीव घेतील तर काय करशील, असं तथागतांनी विचारलं. प्रत्येक प्रश्नाला त्याने शांतपणे उत्तर दिलं. पाली त्रिपिटकातही हा संवाद आहे. पण पुढचा भाग दिव्यावदानात आहे. पूर्ण भिक्षेला निघाला आणि समोरून एक पारधी धनुष्य घेऊन शिकारीला चाललेला. सकाळी सकाळी मुंडण केलेला भिक्खू दिसला म्हणजे अपशकुन, म्हणून त्याने बाण ओढला. पूर्णाने चीवर बाजूला केलं, पोट उघडं केलं आणि सांगितलं की या न भरणाऱ्या पोटासाठीच मी या रानात आलो आहे, मार इथे. पारधी थबकला. ज्या पोटासाठी हरिण जाळ्यात सापडतं, पाखरू फासात अडकतं, मासा गळाला लागतो आणि पारधी रान धुंडाळतो, तेच पोट हा माणूस उघडं करून दाखवतोय! त्याने धनुष्य खाली ठेवलं. त्या देशात पहिला उपासक झाला तो हा पारधी. कथेत पारध्याला कुणी दुष्ट म्हटलेलं नाही, हे ध्यानात घ्या. पोटाचा प्रश्न दोघांचाही होता.

आता सोपाऱ्यातून पूर्वेला बघा. निळसर डोंगर दिसतो तो तुंगारेश्वर. आमची बिऱ्हाडं गिरण्यांच्या चाळी सोडून इकडे आली, १९८२ च्या संपानंतर तर लोंढाच लागला, तेव्हापासून हा डोंगर रोज बघतोय. पण आत काय आहे ते बघायला सवड कुणाला होती? पाळी, लोकल आणि झोप यांतच वर्षं गेली.

इंग्रजांच्या अमदानीत हे शिकारीचं रान होतं. वाघ-बिबट्या मारणाऱ्याला सरकारातून बक्षीस मिळे. साहेब लोक हाकारे घालून शिकार करीत. हाकारे घालायला गावातली वारली, कोळी, कातकरी माणसं धरून नेत. जंगल तुडवायचं त्यांनी आणि फोटो काढायचा साहेबाचा, मेलेल्या वाघावर पाय ठेवून. अशोकाने सांगितलेली जुनी विहारयात्रा ती हीच. स्वातंत्र्यानंतरही शिकार लगेच थांबली नाही. १९७२ चा वन्यजीव संरक्षण कायदा आला आणि मग शिकारीवर कायद्याची बंधनं आली. तुंगारेश्वरला अभयारण्य म्हणून जाहीर केलं ते २००३ साली, सुमारे ८५ चौरस किलोमीटर. दक्षिणेला खाडीपलीकडे बोरिवलीचं राष्ट्रीय उद्यान, पूर्वेला तानसा अभयारण्य आणि मधला दुवा हा तुंगारेश्वर. बिबट्याला नगरपालिका, तालुका, जिल्हा काही कळत नाही. त्याला एवढंच कळतं की रान सलग आहे की तुटलेलं. आणि ते तुटत चाललंय. कामण-भिवंडीचा रस्ता, वसई-दिवा रेल्वे, हायवे, दगडखाणी, गोदामं, चाळी. चाळी आमच्याच माणसांच्या आहेत हेही लिहायला हवं. गरिबाला डोंगराच्या पायथ्याशिवाय जागा देतो कोण?

२०२४ च्या मार्च-एप्रिलमध्ये वसईच्या किल्ल्यात बिबट्या शिरला होता, आठवत असेल. तीन आठवड्यांहून जास्त दिवस सगळी वसई धास्तावलेली. शेवटी वनखात्याच्या पिंजऱ्यात सापडला. शंभर वर्षांपूर्वी त्याला बंदुकीने उडवला असता आणि बक्षीस मागायला गेले असते. या वेळी कॅमेरे लावून, पिंजरे लावून जिवंत धरला. हा फरक आपोआप पडला नाही. त्याला कायदा लागला. प्राणिमात्रांविषयी दयाबुद्धी बाळगणं हे नागरिकाचं कर्तव्य म्हणून १९७६ च्या ४२ व्या घटनादुरुस्तीत आलं. आणि कायद्याच्याही आधीपासून ज्यांनी वाघासोबत राहणं शिकलेलं आहे ते आपले वारली बांधव. रानाच्या वाटेवर वाघदेवाची खूण असते, लाकडावर वा दगडावर कोरलेला वाघ, वर चंद्र-सूर्य. दिवाळीच्या आधी वाघबारसेला त्याची आठवण करतात. आम्ही देव-दैवत मानत नाही, बावीस प्रतिज्ञा घेतलेली माणसं आहोत. पण ज्याची भीती वाटते त्याच्याशी तह करून राहण्याची ही जुनी रीत आहे आणि तिला हसण्याचा अधिकार बंदूक घेऊन आलेल्यांना तर मुळीच नव्हता.

तुंगारेश्वरात दिसतं काय, असं विचाराल. बिबट्या दिसेल या आशेने जाऊ नका, तो तुम्हाला बघेल, तुम्हाला तो दिसणार नाही. त्याचा माग, पंजाचा ठसा, झाडाच्या खोडावरची नखं, एवढं दिसलं तरी दिवस सार्थकी लागला म्हणायचा. भेकराचं भुंकणं कानावर येतं, कुत्र्यासारखं. वानरांचे कळप दिसतात. पाखरांत तांबट, हळद्या, कोतवाल, लांब शेपटीचा स्वर्गीय नर्तक. पावसाच्या तोंडावर नवरंग येतो, तो दिसण्याआधी त्याची शीळ ऐकू येते. सकाळी सहा ते नऊ ही वेळ. नंतर मोटारसायकली आणि लाउडस्पीकर सुरू होतात, मग पाखरू कुठलं दिसायला.

जंगलातून बाहेर पडून हायवेला शिरसाड फाट्याला आलं की पूर्वेला रस्ता फुटतो. मांडवी, पारोळ, उसगाव करीत वज्रेश्वरी. विरारपासून साधारण तीस किलोमीटर. जिल्हा बदलतो, आपला पालघर (२०१४ च्या १ ऑगस्टपासून) संपून ठाणे लागतो, भिवंडी तालुका. तानसा नदीच्या काठाने वज्रेश्वरी, अकलोली, गणेशपुरी या पट्ट्यात ही गरम पाण्याची कुंडे आहेत. राम, लक्ष्मण, सीता, सूर्य, चंद्र, अग्नी अशी त्यांना नावं दिलेली आहेत. कुणात हात घातला की चटका बसतो, कुणात सुखाने बसता येतं. वज्रेश्वरीचं देऊळ १७३९ साली चिमाजीआप्पांनी पोर्तुगीजांकडून वसई जिंकली त्यानंतरचं, नवस बोलून बांधलेलं. गणेशपुरी नावारूपाला आली ती नित्यानंदस्वामींमुळे, ते १९६१ साली वारले. गाइड लोक एवढा इतिहास सांगतात आणि थांबतात.

पाणी गरम का? गावात सांगतात की देवीने राक्षस मारले, त्यांच्या रक्ताचं हे पाणी. राक्षस म्हणजे कोण, याचा विचार आपण बाबासाहेबांकडून शिकलेलो आहोत, इथे तो उगाळत नाही. शास्त्र काय सांगतं ते बघू. पावसाचं पाणी खडकाच्या भेगांतून खोल खोल झिरपतं. जितकं खोल जावं तितकी जमीन उष्ण. तिथे तापलेलं पाणी दुसऱ्या भेगेतून वर येतं, येताना गंधक आणि क्षार घेऊन येतं, म्हणून तो वास. इथे जिवंत ज्वालामुखी नाही. आपला काळा कातळ ज्वालामुखीच्या लाव्ह्यापासूनच झालेला आहे, पण ती गोष्ट साडेसहा कोटी वर्षांपूर्वीची. आणि ही भेगांची रांग काही वज्रेश्वरीपुरती नाही. पालघर जिल्ह्यात कोकनेर, सातिवली इथपासून सुरू होते, मग हा तानसाकाठ, पुढे रायगडात पालीजवळ उन्हेरे, महाडजवळ सव, रत्नागिरीत उन्हवरे, आरवली, तुरळ करीत थेट राजापूरपर्यंत. कोकणात बरीच गावं ‘उन्ह’ या अक्षरांनी ओळखली जातात ती या उन्ह पाण्यामुळे.

पण आमचा खरा प्रश्न पाणी गरम का हा नाही. पाण्यात उतरायची परवानगी कुणाला होती, हा आहे.

बुद्धाच्या काळात राजगृहाला असेच गरम झरे होते, तपोदा म्हणत. आजही राजगीरला आहेत. विनयपिटकात एक प्रसंग आहे. मगधाचा राजा बिंबिसार डोकं धुवायला तपोदेवर आला. बघतो तर भिक्खू आंघोळ करताहेत. राजा बाजूला थांबला. भिक्खूंचं काही आटपेना. अंधार पडेपर्यंत त्यांचं स्नान चाललं. राजाने मग अंघोळ केली, तोवर नगराची वेस बंद झालेली. मगधाचा राजा ती रात्र वेशीबाहेर राहिला! सकाळी तथागतांकडे गेला तेव्हा प्रकरण कळलं आणि तथागतांनी भिक्खूंनाच ठपका दिला, पंधरा दिवसांच्या आत पुन्हा स्नान करू नये असा नियम केला. मग उन्हाळा, आजार, प्रवास, वारा-पाऊस आणि काम यांसाठी सवलती दिल्या. काम! घामाच्या माणसाला अंघोळ लागते हे त्या नियमात नोंदलेलं आहे. गिरणीत पाळी करून अंगभर कापसाची तुसं घेऊन येणाऱ्या माणसाला याचा अर्थ समजावून सांगावा लागत नाही.

या प्रसंगाचा उपयोग लोक भिक्खूंच्या शिस्तीसाठी करतात. आम्ही तो उलट बाजूने वाचतो. त्या संघात उपालीसारखा न्हावी होता, सुनीतासारखा केर उचलणारा होता. अशा संघातली माणसं झऱ्यात आहेत म्हणून राजा काठावर थांबतो, ‘बाहेर काढा यांना’ असं म्हणत नाही, पाणी बाटलं असं म्हणत नाही, त्यांच्या मागून त्याच पाण्यात उतरतो. हा प्रसंग अडीच हजार वर्षांपूर्वीचा. आणि १९२७ साली आपल्या कोकणात काय होतं? ज्या तळ्यावर जनावरं पाणी पितात तिथे माणसाला मज्जाव. रावबहादूर सी. के. बोले, ज्यांनी गिरणी कामगारांतही काम केलं, त्यांचा ठराव मुंबईच्या कायदेमंडळात ४ ऑगस्ट १९२३ ला पास झालेला, सार्वजनिक पाणवठे, विहिरी, धर्मशाळा सर्वांना खुल्या म्हणून. कागदावर खुल्या. २० मार्च १९२७ ला बाबासाहेबांनी चवदार तळ्याचं पाणी ओंजळीत घेतलं, त्यावर लाठ्या बसल्या, तळं ‘शुद्ध’ करण्यात आलं, खटला चालला आणि हायकोर्टाचा निकाल आपल्या बाजूने लागायला १९३७ साल उजाडलं.

गिरणीत तरी काय वेगळं होतं? साचेखात्यात आपल्या माणसाला घेत नसत, कारण धोट्यातून धागा तोंडाने ओढून घ्यावा लागे आणि आपली थुंकी लागलेला धोटा दुसऱ्याला चालत नसे. पगार जास्त तो साचेखात्यातच. १९२८ च्या संपाच्या वेळी बाबासाहेबांनी हा प्रश्न उघड मांडला. पाणी असो की थुंकी असो, दुखणं एकच.

म्हणून घटनेच्या १५ व्या कलमात काय लिहिलंय ते कुंडावर जाण्याआधी वाचून जा. विहिरी, तलाव, स्नानघाट, रस्ते. ‘स्नानघाट’ हा शब्द तिथे मुद्दाम आहे. आज आपली पोरं अकलोलीच्या कुंडात बिनधास्त उड्या मारतात, शेजारी कोण बसलंय याची चौकशी कुणी करत नाही. त्यांना वाटतं हे असंच होतं. असंच नव्हतं, बाळांनो.

आता जपानचं. आमच्या पिढीला जपान माहीत तो वरळीच्या जपानी मंदिरामुळे. निप्पोनझान म्योहोजीचे फुजी गुरुजी १९३१ साली हिंदुस्थानात आले. राजगीरच्या डोंगरावर १९६९ साली उभा राहिलेला विश्वशांती स्तूप त्यांच्याच प्रयत्नांचा. खाली तपोदेचे झरे आणि वर जपानी स्तूप, असा योग तिथे आहे. त्यांच्या देशात गरम झरा दिसला की स्नानगृह झालंच म्हणून समजा, त्याला ते ओन्सेन म्हणतात. कितीतरी झऱ्यांची दंतकथा ग्योकी नावाच्या भिक्खूशी जोडलेली असते. हा आठव्या शतकातला, पूल बांधणारा, कालवे खणणारा, गोरगरिबांत फिरणारा भिक्खू.

त्याच काळची सम्राज्ञी कोम्यो. तिची एक कथा सांगतात. तिने हजार माणसांना आपल्या हातांनी न्हाऊ घालायचा संकल्प केला. नऊशे नव्याण्णव झाली. हजारावा आला तो महारोगी, अंगभर जखमा. राणी मागे सरली नाही. तिने त्याला धुतलं, तो म्हणाला तशी जखमेतली घाणही तोंडाने ओढली, तेव्हा त्याच्या जागी बुद्ध प्रकट झाले. चमत्कार सोडून द्या. पण एका राणीच्या मोठेपणाची गोष्ट लोकांनी रचली ती तिने किती देवळं बांधली यावर नाही, तर कुणाचं अंग धुतलं यावर. आणि तोंड लावण्याचा मुद्दा इथेही आला, धोट्यासारखाच, पण उलटा.

माकडांचंही तसंच. ६७५ साली सम्राट तेम्मूने बौद्ध विचाराच्या प्रभावाखाली वर्षातले काही महिने गाय-बैल, घोडा, कुत्रा, कोंबडी आणि माकड यांचं मांस खायला बंदी केली. माकड त्या यादीत आहे! तेव्हा आज नागानो भागातल्या जिगोकुदानीला बर्फ पडत असताना माकडं गरम पाण्यात डोळे मिटून बसलेली दिसतात, त्यामागे फार जुनी गोष्ट आहे. तसं ते उद्यान १९६४ चं. माकडं डोंगर सोडून खाली बागायतीत उतरू लागली, शेतकरी वैतागले. मग त्यांना मारण्यापेक्षा त्यांची सोय करायची ठरलं. माणसांच्या हौदात ती शिरू लागली म्हणून त्यांच्यासाठी वेगळा हौद केला. लोक रानातून दीड-पावणेदोन किलोमीटर चालत जातात, बघतात, हात लावत नाहीत. मग खाली येऊन आपल्या हौदात बसतात. शेतकऱ्याचं नुकसान आणि जनावराचा जीव यांचा तिथे काहीतरी मेळ घातला गेला. आपल्याकडे तुंगारेश्वरच्या पायथ्याला माणूस आणि बिबट्या यांचा मेळ अजून घालायचाय.

राहता राहिली आपल्या भागातली सहल. आमची तक्रार एवढीच आहे की मुंबईची गाडी येते ती सोपाऱ्याला न थांबता जाते. ज्या दगडावर या सहलीचा अर्थ कोरला होता ते गाव सगळ्यात आधी लागायला पाहिजे, ते यादीतच नसतं. पुरातत्त्व खात्याच्या ताब्यातला स्तूप, कुंपण आहे, निळी पाटी आहे, पण सांगणारं कुणी नाही. आणि सांगणारा बाहेरून कशाला आणायचा? आपल्या वस्तीत बारावी झालेली, नोकरी नसलेली मुलं-मुली आहेत. पायथ्याच्या पाड्यांवर वारली पोरं आहेत, त्यांना पाखराच्या आवाजावरून नाव सांगता येतं, पण त्यांना गाडीवाले हाक मारतात ती पाण्याच्या बाटल्या उचलायला. दोघांनी मिळून हे काम धरलं तर एकाकडे इतिहास आहे, दुसऱ्याकडे रान आहे. शिकार बंद केल्यावर अशोकाच्या यात्रेत खेड्यातल्या माणसांची भेट आणि त्यांचे प्रश्न होते. या सहलीत गावातला माणूस कुठे असतो? बहुतेक चहाच्या टपरीमागे.

ज्यांना जायचं आहे त्यांच्यासाठी. नोव्हेंबर ते फेब्रुवारी चांगला. पावसाळ्यात धबधब्यांवर पुष्कळदा बंदीहुकूम असतो, आधी चौकशी करून निघावं, दरवर्षी पोरं बुडतात. पहाटे साडेपाचला सोपाऱ्याचा स्तूप, उजाडताना त्रिसरण-पंचशील. सहाच्या सुमारास निघून तुंगारेश्वरच्या वनखात्याच्या चौकीवर नोंद करावी आणि आत नऊपर्यंत, भडक कपडे नकोत, मोबाइलचा आवाज बंद, वानरांना खायला घालायचं नाही. साडेदहापर्यंत अकलोली. कुंडात साबण लावू नये, दहा-पंधरा मिनिटांपेक्षा जास्त बसू नये. रक्तदाब, हृदयविकार असलेल्यांनी आणि गरोदर बायकांनी डॉक्टरला विचारल्याशिवाय उतरू नये. कातडीचे रोग बरे होतात म्हणतात त्यावर विसंबून औषध सोडू नये, अंग मोकळं होतं एवढं नक्की. म्हाताऱ्यांना आधी उतरू द्यावं, काठावर थांबावं. साडेबाराला निघालं की दोनच्या आत घरी. दुसऱ्या पाळीवाल्यांनी त्या दिवशी रजा टाकलेली बरी.